शोगीवेडा सांकिची आणि घरातली कोयू

नमस्कार मंडळी, जेवणाआधीची दहा मिनिटं मला दिलीत, त्यात एका घराबद्दल बोलायचंय.

पाहुणे आले की आपण सगळेच त्यांना ओसाकाचा त्सुतेनकाकु टॉवर दाखवायला नेतो, फोटो काढतो, कुशिकात्सु खातो आणि निघतो, पण टॉवरच्या पायथ्याशी एक दगडी सोंगटी उभी आहे तिच्याकडे आपलं कोणाचं लक्षच जात नाही. शोगी या जपानी पटावरच्या खेळातला राजा आहे तो. साकाता सांकिची या शोगी खेळाडूची आठवण म्हणून उभा केलेला.

सांकिची १८७० चा, इथल्याच साकाईचा. घर चपला बनवणाऱ्यांचं, हातावरचं पोट, लिहिता-वाचता म्हणावं असं कधी आलंच नाही. पण शोगीचं वेड जबरदस्त! शोगी म्हणजे आपल्या बुद्धिबळाची लांबची बहीण, दोघींचं माहेर भारत, फक्त इथे ८१ घरं असतात आणि मारलेली सोंगटी मरत नाही, मारणाऱ्याच्या हातात जाते आणि त्याच्याच बाजूने परत पटावर उतरते. एकदा का त्यात गुंतलं की माणूस उठत नाही हो.

आणि घरी कोयू, त्याची बायको. लोक सांगतात की हा पैसे लावून डाव खेळत बसायचा आणि घरात तांदूळ नसायचे, एकदा तर ती पोरांना घेऊन जीव द्यायला निघाली होती. यात नाटक-सिनेमावाल्यांनी किती भर घातली ते सोडा, पण गरिबी खरी होती, आणि ती जास्त कोणाच्या वाट्याला आली असेल हे आपल्या आया-आज्या बघितलेल्यांना वेगळं सांगायला नको.

पुढे तो मोठा झाला. १९१३ मध्ये टोकियोच्या सेकिनेशी खेळताना त्याची चांदी, म्हणजे ‘गिन’ नावाची सोंगटी, अशी पुढे जाऊन अडकली की मागे फिरायला जागा नाही, आणि हा म्हणाला, चांदी रडतेय. नंतर सांगितलं की ती चांदी म्हणजे मीच होतो. मला हे वाक्य फार लागतं. लाकडाच्या तुकड्याचं रडणं ज्याला ऐकू येतं त्याला घरातलं कधी ऐकू आलं असेल का, हा प्रश्न माझ्या डोक्यातून जात नाही, मी स्वतः रात्री दोन-दोन वाजेपर्यंत ऑनलाइन खेळतो म्हणून असेल, बायको समोरच बसलीय.

१९२५ मध्ये ओसाकावाल्यांच्या पाठिंब्यावर त्याने स्वतःला मेइजिन, म्हणजे शोगीतला सर्वात मोठा किताब असलेला, म्हणवून घेतलं आणि बाकीच्या शोगीजगाने त्याला बाजूला टाकलं. कित्येक वर्षं मोठा डाव नाही. मग १९३७, क्योतोचं नानझेनजी मंदिर, समोर तिशीतला किमुरा, हा ६६ वर्षांचा, डाव सात दिवस चालला. पहिलीच चाल कडेचं प्यादं! भलेभले चक्रावले. हरला तो.

१९४६ मध्ये गेला. मेइजिन आणि ओशो, म्हणजे शोगीतला राजा, हे दोन्ही मान शोगी संघटनेने १९५५ मध्ये दिले, मरणानंतर.

नानझेनजीहून परतला तेव्हा कोयू घरी नव्हती. ती त्याच्या आधीच, कितीतरी वर्षांपूर्वी गेली होती.