कारखाना सुटला, ४६ सेकंद

ही अगदी सुरुवातीच्या काळातली एक फिल्म, तिच्यातलं हे गेट बघा. एक मोठं दार, गाडी जाईल एवढं, आणि शेजारी एक छोटं, माणसांपुरतं. साल १८९५, फ्रान्समधलं लियाँ शहर, तिथला मोंप्लेझीर भाग, आणि हा लुमिएर कुटुंबाचा कारखाना, इथे फोटोच्या काचेच्या प्लेटा बनायच्या.

आता बायका बाहेर पडायला लागल्यात बघा... लांब झगे, पुढे एप्रन, डोक्यावर हॅट, कोणी इकडे वळतंय कोणी तिकडे, मग पुरुष, मग सायकलवाले, मधेच एक कुत्रा लुडबुडतोय, आणि जेमतेम ४६ सेकंदांत संपलं पण, कारण ही फिल्म काढणाऱ्या लुई लुमिएरच्या त्या लाकडी पेटीत, म्हणजे कॅमेऱ्यात, फिल्मच १७ मीटर मावायची आणि ती हाताने हँडल फिरवून चालवायची.

काही जण म्हणतात हे कुठलं रोजचं आयुष्य, मालकानेच बाहेर यायला लावलेलं. खरंय. हे तीनदा शूट झालंय, एकात गाडीला एक घोडा, एकात दोन, एकात घोडाच नाही, कपडे पण वेगळे. कॅमेऱ्याकडे तर कोणी ढुंकूनही बघत नाही.

पण थांबा, इथे. ही बाई दिसली? निघता निघता शेजारणीचा झगा ओढला तिने, आणि चालली. हे असं कोणी सांगून करतं का हो? शाळा सुटली की आम्ही एकमेकींच्या वेण्या ओढायचो ना, अगदी तस्संच, मी हा तुकडा कितीतरी वेळा मागे नेऊन बघितलाय आणि दर वेळी मला ती ओळखीची वाटते.

७ जुलै १८९६ ला मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये एक रुपया तिकीट लावून सहा फिल्म दाखवल्या, त्यातली एक हीच. म्हणजे आत मंडळी लियाँचा कारखाना सुटताना बघतायत आणि तिकडे परळ-भायखळ्याला भोंगा झाला की आपल्याच गिरण्या सुटतायत, हजारो माणसं, त्यांचे त्या वर्षीचे असे ४६ सेकंद आपल्याकडे नाहीत, याची मला फार हळहळ वाटते.

लियाँच्या त्या रस्त्याचं नाव आता 'पहिल्या फिल्मचा रस्ता' आहे, शेडचा उरलेला भाग जपलाय आणि तिथे आता थिएटर आहे.

चला, परत पहिल्यापासून लावते. या वेळी फक्त छोट्या दाराकडे बघा.