फुलाखाली दडलेलं पाणी

श्रोतेहो, नमस्कार.

गोधडी म्हटलं की आपल्याला आजीच्या जुन्या लुगड्यांची ऊब आठवते. आज मी एका गोधडीबद्दलच बोलणार आहे, पण ती अंगावर घ्यायची नाही. ती टोरोंटोच्या कलासंग्रहालयात आहे. जॉइस वीलँड या कॅनडाच्या चित्रकर्तीनं ती १९७०-७१ साली केली.

लहान लहान ६४ उशा एकमेकींना जोडलेल्या आहेत. प्रत्येक उशीवर मलमलीचा तुकडा, त्यावर सुईनं भरलेलं एक रानफूल. फुलं उत्तर ध्रुवाकडची. तिथं झाड उभं राहत नाही, उन्हाळा जेमतेम काही आठवड्यांचा. म्हणून ही रोपटी वाऱ्याला चुकवत जमिनीला बिलगून फुलतात. मलमल वर उचलली की खाली छापील मजकूर दिसतो. कॅनडाचं पाणी अमेरिकेकडे वळवण्याचे जे बेत चालले होते, त्यांच्याबद्दलचा. गोधडीचं नावच मुळी ‘द वॉटर क्विल्ट’.

मला ही कल्पना फार मोलाची वाटते. निसर्गाचं चित्र म्हटलं की आपण ‘वा, सुंदर!’ म्हणतो आणि पुढं सरकतो. जॉइस मात्र त्या फुलाखालच्या पाण्यावर कोणाचा डोळा आहे, हे आपल्याच हातानं उघडून बघायला लावते. तेही सुईदोऱ्यानं! बायकांचं घरगुती काम म्हणून ज्याला कोणी कला मानायला तयार नव्हतं, त्या शिवणकामानं.

जॉइसचा जन्म १९३० चा, टोरोंटोचा. आईवडील लहानपणीच गेले. पुढं ती कार्टूनपट करणाऱ्या स्टुडिओत कामाला लागली, चित्रं काढू लागली. १९६२ मध्ये नवऱ्याबरोबर न्यूयॉर्कला गेली आणि तिथं परक्या शहरात तिला आपला देश खऱ्या अर्थानं दिसू लागला. मोटारीच्या आणि आगगाडीच्या खिडकीतून तिनं कॅमेऱ्यानं कॅनडा चित्रित केला. १९७१ मध्ये ओटावाच्या राष्ट्रीय कलादालनात तिचं प्रदर्शन भरलं. हयात असलेल्या कॅनेडियन स्त्रीचं तिथलं ते पहिलंच स्वतंत्र प्रदर्शन.

मग १९७६ मध्ये आला तिचा कथापट, ‘द फार शोअर’. त्यातला टॉम हा चित्रकार बेतलाय टॉम थॉमसन या खऱ्याखुऱ्या कॅनेडियन चित्रकारावर. थॉमसन होडीत रंगपेटी टाकून उत्तर ओंटारिओच्या तळ्यांवर हिंडायचा, वहीएवढ्या लाकडी फळ्यांवर पाइन वृक्ष रंगवायचा. १९१७ च्या जुलैमध्ये, अवघ्या ३९ व्या वर्षी, तो कनू लेक या तळ्यात मृतावस्थेत सापडला. चित्रपटातली युलाली एका श्रीमंत इंजिनियरची बायको. टॉम जी भूमी रंगवतो, त्याच भूमीतली चांदी नवऱ्याला हवी आहे. गोधडीतलीच गोष्ट इथं पडद्यावर आली, असं मला वाटतं. चित्रपट चालला नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

त्यातला एक प्रसंग सांगतो. युलाली आणि टॉम समोरासमोर आहेत. दोघांच्या हातात भिंगं. भिंग तोंडासमोर धरून ते एकमेकांशी बोलतात, पण आवाज नाही. भिंगामागं मोठे दिसणारे ओठ तेवढे हलत राहतात.