नाशिकची पलभा

नमस्कार श्रोतेहो.

काही वर्षांपूर्वीची, मे महिन्यातली गोष्ट. सुट्टी असूनही आमच्या शाळेच्या पटांगणावर वीस-पंचवीस मुलं जमली होती. त्या दिवशी नाशिकला शून्य सावली होती. सूर्य बरोबर डोक्यावर येणार, उभ्या वस्तूची सावली तिच्या पायाशीच विरणार, असं मी आठवडाभर आधीपासून सांगत होतो. एक पाट ठेवला, पाटावर पांढरा कागद, आणि मातीच्या गोळ्यात १२ सेंटिमीटरची सरळ काडी रोवली. ओळंबा लावून ती तपासलीही. घड्याळात बारा वाजले. काडीच्या बुडाशी दीड सेंटिमीटर सावली, पश्चिमेकडे.

सहावीतली एक मुलगी म्हणाली, "सर, शून्य म्हणजे शून्यच ना? ही तर आहे."

मला काही सुचेना. तारीख चुकली असावी असं समजून मी मुलांना घरी जायला सांगितलं. ती मुलगी आणि तिची मैत्रीण पाट उचलायला थांबल्या, उचलायचं विसरून तिथेच गप्पा मारत बसल्या, आणि थोड्या वेळानं तिची हाक आली, "सर, गेली! सावली गेली!" धावत जाऊन पाहिलं. कागद कोरा होता. घड्याळात बारा वाजून एकतीस मिनिटं झाली होती.

घड्याळाचे बारा आणि नाशिकचे बारा मी एकच धरून चाललो होतो. आपली घड्याळं साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावर लावलेली आहेत. नाशिकचा रेखांश सुमारे ७३.८ अंश. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटं घेते. मधल्या ८.७ अंशांची होतात जवळपास ३५ मिनिटं, म्हणून नाशिकची खरी दुपार सरासरी बारा पस्तीसला. सरासरी अशासाठी म्हणायचं की पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आहे आणि तिचा अक्षही साडेतेवीस अंशांनी कललेला आहे. त्यामुळे सूर्य वर्षभर घड्याळाशी पुढे-मागे होत राहतो. फेब्रुवारीच्या मध्याला तो १४ मिनिटं मागे पडतो, म्हणजे नाशिकला माध्यान्ह १२.४९ ला. नोव्हेंबरच्या सुरुवातीला १६ मिनिटं पुढे जातो, तेव्हा माध्यान्ह १२.१८ ला. मे महिन्याच्या २० तारखेच्या सुमारास तो साडेतीन मिनिटं पुढे असतो. म्हणून त्या दिवशी १२.३१.

त्या दिवसापासून मला एका शब्दाचं वेड लागलं. तो शब्द म्हणजे पलभा.

२१ मार्च किंवा २३ सप्टेंबरच्या सुमारास दिवस आणि रात्र सारखी असते, सूर्य विषुववृत्तावर असतो. त्या दिवशी खऱ्या माध्यान्ही बारा अंगुळांच्या उभ्या शंकूची, म्हणजे सरळ काठीची, जेवढी सावली पडेल, ती त्या गावाची पलभा. जुन्या ज्योतिषगणितात प्रत्येक गावाला स्वतःचा हा एक आकडा असे. नाशिकचा आकडा आहे चार अंगुळं बावीस व्यंगुळं. एका अंगुळाची साठ व्यंगुळं. दशांशात ४.३७. आता ४.३७ ला १२ ने भागा. उत्तर येतं ०.३६४, आणि हे २० अंशांचं टॅन गुणोत्तर आहे. नाशिकचा अक्षांश बरोबर २० अंश आहे, किती देखणा आकडा! रात्री उत्तरेला तोंड करून हात पुढे ताणा आणि वीत पसरा. ताणलेल्या हाताची वीत डोळ्यांशी साधारण वीस अंशांचा कोन करते. करंगळी क्षितिजाला टेकवली की अंगठ्याच्या टोकाजवळ ध्रुव तारा सापडतो. नाशिकचा ध्रुव वीतभर उंचीवर आहे, असं मी मुलांना सांगतो.

दहावीला त्रिकोणमिती शिकवताना आपण झाड आणि मनोरा यांच्या उंचीपाशी थांबतो, याचं मला फार वाईट वाटतं. त्याच गणितात मुलाला स्वतःचं गाव पृथ्वीवर नेमकं कुठे आहे ते सापडतं.

या पलभेतून पुढे काय काय निघतं, ते गणेश दैवज्ञांकडून शिकावं. ते नांदगावचे. आपल्याला मनमाडच्या पुढचं नांदगाव आठवेल, पण हे कोकणातलं, मुरूडजवळचं, समुद्रकाठचं नांदगाव. शके १४४२ मध्ये, म्हणजे इसवी सन १५२० मध्ये त्यांनी ग्रहलाघव लिहिला. ज्या म्हणजे साइनची कोष्टकं न वापरता, नुसत्या गुणाकार-भागाकारावर ग्रहगणित करून दाखवायचं, हा त्यांचा पण. पुढे शतकानुशतकं महाराष्ट्रातली पंचांगं या ग्रंथावर चालली.

त्यातली एक रीत आज तुमच्यासोबत करून पाहायची आहे. कागद-पेन्सिल घेतली तर उत्तमच. गणेश दैवज्ञ सांगतात, पलभा तीन ठिकाणी मांडा. पहिलीला दहाने गुणा, दुसरीला आठाने, तिसरीला दहाने गुणून तीनने भागा. श्लोकात आकडे शब्दांत येतात: आठासाठी भुजंग, दहासाठी दिशा, तीनासाठी गुण. नाशिकची ४.३७ घेऊ. पहिली संख्या ४३.७, दुसरी सुमारे ३५, तिसरी साडेचौदाच्या जरा वर. बेरीज ९३. ही झाली पळं. एक पळ म्हणजे २४ सेकंद, तेव्हा ९३ पळांची होतात सुमारे ३७ मिनिटं.

ही ३७ मिनिटं कशाची? २१ जूनला नाशिकच्या स्थानिक वेळेनं सूर्य सहाच्या ३७ मिनिटं आधी उगवतो आणि सहानंतर ३७ मिनिटांनी मावळतो. आधुनिक त्रिकोणमितीनं मी हेच गणित केलं, उत्तर आलं ३६ मिनिटं आणि वीसेक सेकंद. पाचशे वर्षांपूर्वीच्या तीन गुणाकारांत एका मिनिटाचीसुद्धा चूक नाही! (प्रत्यक्ष दिवस आणखी सात-आठ मिनिटांनी मोठा दिसतो. क्षितिजाजवळ हवा प्रकाशाला वाकवते आणि सूर्याची वरची कड दिसली की आपण सूर्योदय म्हणतो, त्यामुळे.)

आणि दहा, आठ, तीन-पूर्णांक-एक-तृतीयांश हेच गुणक का? मार्चनंतर पहिल्या महिन्यात सूर्य उत्तरेकडे साडेअकरा अंश सरकतो, दुसऱ्यात पावणेनऊच्या आसपास, तिसऱ्यात जेमतेम सव्वातीन. झोका टोकाला जाताना मंदावतो, तसा. ते तीन गुणक म्हणजे या मंदावण्याचं माप आहे. हे पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा मी वही बंद करून बराच वेळ तसाच बसलो होतो.

श्रोतेहो, आकाशाच्या गणितात दोन प्रकारचे हिशोब आहेत, आणि पंचांगावरून होणारे निम्मे वाद ते एकमेकांत मिसळल्यानं होतात. तिथी घ्या. चंद्र सूर्याच्या बारा अंश पुढे गेला की एक तिथी संपते. हा हिशोब पृथ्वीच्या केंद्रावरून होतो, म्हणून तिथी संपण्याचा क्षण नाशिकला आणि नागपूरला एकच. सूर्योदय मात्र आपापल्या गावचा. दोन्ही गावांत पाच अंशांहून थोडं जास्त अंतर, म्हणजे सुमारे २१ मिनिटं. समजा, नागपूरला ६.०५ ला सूर्य उगवला, नाशिकला ६.२६ ला, आणि तिथी संपली ६.१५ ला. नागपूरकरांच्या सूर्योदयाला जुनी तिथी होती, आपल्या सूर्योदयाला नवी लागली. दिवस एकच, उदयतिथी दोन. गणित कुणाचंच चुकलेलं नसतं. संकष्टीचा चंद्रोदयही तसाच. नागपूरच्या आत्याचा उपवास सुटल्याचा फोन येतो तेव्हा आपल्याकडे चंद्र उगवायला वीसेक मिनिटं असतात.

सिंहस्थाचा गुरू पहिल्या प्रकारातला, सगळ्यांना सारखा. ३१ ऑक्टोबर २०२६ ला तो सिंह राशीत येतो, जानेवारीत वक्री चालीनं परत कर्केत जातो आणि जूनअखेर पुन्हा सिंहेत. गुरूची एक फेरी पूर्ण बारा वर्षांची नसते, ११.८६ वर्षांची असते. दर बारा वर्षांनी तो चार अंशांहून थोडा पुढे निघून जातो. हा फरक साठत साठत एका राशीएवढा झाला की मधलं अंतर अकरा वर्षांवर येतं. हरिद्वारचा कुंभ २०१० नंतर २०२१ मध्ये झाला, तो यामुळेच.

आणि २ ऑगस्ट २०२७, सोमवार, अमावास्या, सिंहस्थातलं पहिलं अमृतस्नान. त्याच दिवशी खग्रास सूर्यग्रहण आहे, आणि हा दुसऱ्या प्रकारातला हिशोब. इजिप्तमध्ये लक्झरजवळ सूर्य सहा मिनिटं तेवीस सेकंद पूर्ण झाकलेला असेल. आपल्याकडे दुपार कलल्यावर, ढगांनी वाट दिली तर, त्याची नुसती एक कड कापलेली दिसेल. आणि तीही ग्रहणाच्या चष्म्यातूनच पाहायची. हे ग्रहण आपल्या ओळखीच्या घराण्यातलं आहे. २२ जुलै २००९ च्या सकाळी सुरत, वाराणसी, पाटण्यावरून गेलेलं खग्रास ग्रहण याचंच आधीचं भावंड. दोन्हींमधलं अंतर २२३ चांद्रमासांचं, म्हणजे ६५८५ दिवस आणि जवळपास आठ तास. चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला जिथे छेदते त्या बिंदूंना आपण राहू-केतू म्हणतो, आणि तेवढ्याच काळात चंद्र त्यांतल्या एकाच बिंदूवरून २४२ वेळा जातो. दोन्ही चक्रं पुन्हा जुळली की तसंच ग्रहण परत येतं. वरच्या आठ तासांत पृथ्वी एक तृतीयांश फिरलेली असते, म्हणून २००९ मध्ये सुरतेवरून गेलेली सावली २०२७ मध्ये आफ्रिकेवरून जाते.

आता एक काम तुमच्याकडे सोपवतो. येत्या २३ सप्टेंबरला, ऊन असेल तर, गच्चीवर १२० सेंटिमीटरची सरळ काठी उभी करा. ओळंबा लावायला विसरू नका, काठी कलली की सगळंच कललं. बारा वाजून सत्तावीस मिनिटांच्या आधी पाच मिनिटं आणि नंतर पाच मिनिटं दर मिनिटाला सावलीच्या टोकाशी खडूनं खूण करा आणि सगळ्यात आखूड सावली मोजा. नाशिककरांना ४३.७ सेंटिमीटरच्या आसपास मिळेल. मालेगावच्या श्रोत्यांना ४५ मिळायला हवी, इगतपुरीच्यांना ४३. मालेगावला माध्यान्ह आपल्या तीन मिनिटं आधी होते, तेवढं ध्यानात ठेवा.

मग एकमेकांना फोन करा. सावलीला १२० ने भागून कोष्टकातून कोन काढा. मालेगावचा साडेवीसच्या जरा वर येईल, इगतपुरीचा १९.७ च्या आसपास. दोन्हींत ०.८५ अंशांचा फरक. नकाशावर इगतपुरी ते मालेगाव दक्षिणोत्तर अंतर मोजा, सुमारे ९४ किलोमीटर भरेल. रस्त्याचं अंतर घेऊ नका, सरळ उत्तरेकडचंच घ्या. ०.८५ अंशांना ९४ किलोमीटर, तर ३६० अंशांना किती? त्रैराशिक मांडा. येणारं उत्तर चाळीस हजाराच्या जवळपास असेल, आणि तो पृथ्वीचा परीघ आहे, आपल्याच जिल्ह्यातल्या दोन गच्च्यांवरून मोजलेला.