सडलेल्या रिळाची धडधड कुठून येते?

नमस्कार. अमेरिकन दिग्दर्शक बिल मॉरिसन यांच्या २००२च्या 'डिकेझिया' या फिल्ममध्ये एक बॉक्सर आहे. तो जीव तोडून ठोसे मारतोय, पण पंचिंग बॅगच्या जागी दिसतो एक खदखदणारा डाग. हा डाग कुणी रंगवलेला नाही, कम्प्युटरवर घातलेला नाही. फिल्मच तिथे सडली आहे.

१९५०च्या आसपासपर्यंत ३५ मिमी फिल्म नायट्रेटवर, म्हणजे सेल्युलोज नायट्रेट या प्लास्टिकच्या पट्टीवर बनायची. नायट्रेटमधून हळूहळू वायू सुटतो, दमट हवेत त्याचं आम्ल होतं. ते चित्रातली चांदी खातं, ती चांदी धरून ठेवणारं जिलेटिन चिकट होतं, बुडबुडे येतात, रिळाची ढेप होते. शेवटी उरते तपकिरी भुकटी.

पण डाग का धडधडतो? यातली सगळ्यात सुंदर गोष्ट हीच आहे. (रीळ हातात घेऊन) हे बघा, ओल एका बाजूने शिरते आणि वेढ्यामागून वेढा पार करत आत जाते. म्हणजे प्रत्येक वेढ्यात डाग एकदाच. हजार फुटी रिळाचा व्यास साधारण २४ सेंमी, म्हणजे बाहेरचा वेढा ७५ सेंमीचा. एक फ्रेम १९ मिमीची. दर ४० फ्रेमना डाग परत येतो. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या, तर साधारण दर १.७ सेकंदांनी. गाभ्याशी व्यास ५ सेंमी, तिथे दर ८ फ्रेमना, म्हणजे सेकंदात तीनदा! रीळ संपत येतं तशी धडधड वाढते.

अशी फिल्म स्वतः करायची असेल तर नायट्रेटला हात लावू नका. सडलेलं नायट्रेट ४१ अंशांच्या आसपासही आपोआप पेटू शकतं आणि पाण्याखालीही जळतं. पुण्यात जानेवारी २००३मध्ये नायट्रेटच्या साठ्याला आग लागून जुन्या चित्रपटांच्या कितीतरी प्रती गेल्या.

१६ मिमीचं ॲसिटेट (नायट्रेटच्या जागी आलेलं, सहज न पेटणारं प्लास्टिक) रीळ घ्या, व्हिनेगरसारखा वास येणारं. ते आक्रसलेलं असतं, त्यामुळे प्रोजेक्टरवर चढवलंत तर दातेरी चाकावर भोकं फाटतील. दातांशिवाय, रोलरवर चालणाऱ्या स्कॅनरवरच द्या. आणि आधीच बजावून सांगा: धूळ-ओरखडे पुसणारं, लुकलुक घालवणारं सगळं बंद. नाहीतर सॉफ्टवेअर डागालाच दोष समजून पुसून टाकतं.

एडिटिंगमध्ये वेग मंदावण्यासाठी प्रत्येक फ्रेम ३ वेळा ठेवा, म्हणजे सेकंदाला ८ चित्रं. ऑप्टिकल फ्लो, म्हणजे दोन फ्रेमच्या मधली फ्रेम सॉफ्टवेअरने बनवायची सोय, वापरू नका. शेजारच्या दोन फ्रेममधले डाग सारखे नसतात, मधली फ्रेम बनवताना त्यांचा लगदा होतो.

मग निवड. नुसती सडलेली फिल्म डोळ्यांना लवकर कंटाळवाणी होते. माणूस ओळखू येतो आणि डाग त्याच्या हालचालीला उत्तर देतो, तेवढेच तुकडे ठेवा.