साडेतीन सेंटीमीटरची पुळण

(ड्रोनचं दृश्य. ओहोटी. ओमाहाची पुळण एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत.)

ही फ्रान्समधल्या नॉर्मंडीची ओमाहा पुळण. ओहोटी पूर्ण लागली आहे. ६ जून १९४४ रोजी सकाळी साडेसहाला अमेरिकी सैनिकांच्या पहिल्या होड्यांनी इथे फळ्या टाकल्या, तेव्हा पाण्याची कड साधारण एवढीच मागे होती. त्या कडेपासून वरच्या गोट्यांच्या बांधापर्यंत सुमारे २७० मीटर उघडी वाळू. आडोसा म्हणावा असं काही नाही.

(टेबलावर तीन नकाशे. मोजपट्टी.)

आता हीच २७० मीटर नकाशावर शोधू. पहिला नकाशा एक लाखाला एक, म्हणजे एक सेंटीमीटरला एक किलोमीटर. इथे ती वाळू तीन मिलिमीटरसुद्धा भरत नाही. पेन्सिलच्या रेघेखाली झाकून जाते. दुसरा पंचवीस हजाराला एक. इथे ती एक सेंटीमीटरच्या जरा वर जाते. तिसऱ्या पत्रकाचं प्रमाण विचित्र वाटेल: ७,९२० ला एक. मैलाला आठ इंच, म्हणून हा आकडा. इथे तीच वाळू जवळपास साडेतीन सेंटीमीटर होते, आणि आता तिच्यावर काहीतरी काढता येतं.

डी-डेबद्दल, म्हणजे जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्सवर दोस्त राष्ट्रांनी केलेल्या या चढाईबद्दल, बहुतेक पुस्तकांत पहिला नकाशा छापलेला असतो: इंग्लंडकडून निघालेले पाच जाड बाण आणि पाच नावं. यूटा, ओमाहा, गोल्ड, जूनो, स्वोर्ड. त्या बाणांवरून कोण कुठे गेलं हे कळतं. त्या सकाळी नेमकं काय घडलं, हे या तिसऱ्या पत्रकाशिवाय समजत नाही. म्हणून हा सगळा चित्रपट त्याच्याभोवती आहे.

(पत्रकाचा वरचा कोपरा. लाल अक्षरं.)

वर ‘बिगॉट’ असा शब्द आहे. चढाईची जागा आणि वेळ ज्यांना ठाऊक होती, त्यांच्यापुरत्या कागदांची ही खूण. नकाशावर जर्मन मोर्चे, काटेरी तारा, सुरुंगांची शेतं, वाळूतले अडथळे आहेत. समुद्रातून किनारा कसा दिसेल त्याचं लांबलचक रेखाटन आहे, म्हणजे सुकाणूवरच्या माणसाला चर्चचा मनोरा आणि घरांची रांग ओळखता यावी. सोबत पुळणीचा उतार, प्रवाह, सूर्य आणि चंद्र यांची कोष्टकं.

ही माहिती आली कुठून? फ्रान्सचा जुना ऐंशी हजाराचा नकाशा एकोणिसाव्या शतकातल्या मोजणीवर बेतलेला होता. त्यात डोंगरउतार बारीक आडव्या-तिरक्या रेघांनी दाखवलेला, उंचीचे नेमके आकडे थोडेच. लष्कराला तो पुरेसा नव्हता. म्हणून विमानांतून नव्याने छायाचित्रं घेतली गेली.

(स्टिरिओस्कोप. शेजारीशेजारी दोन छायाचित्रं.)

ही पद्धत नीट पाहू. विमान सरळ रेषेत उडतं आणि ठरावीक अंतराने खाली फोटो घेतं. प्रत्येक फोटो मागच्या फोटोवर सुमारे साठ टक्के चढलेला असतो. त्यामुळे जमिनीचा तोच तुकडा दोन वेगळ्या जागांवरून टिपला जातो. ते दोन फोटो या भिंगांखाली डोळ्यांइतक्या अंतरावर ठेवले की टेकडी कागदावरून वर उठते. फोटो पाच-सात मिलिमीटर इकडेतिकडे सरकला तर चित्र फुटतं. डावा फोटो उजवीकडे आणि उजवा डावीकडे ठेवला, तर दरी टेकडी होऊन बसते. इंग्लंडमध्ये मेडमनम इथल्या हवेलीत शेकडो माणसं, त्यांत स्त्रिया मोठ्या संख्येने, हेच काम दिवसरात्र करत होती. सावलीच्या लांबीवरून भिंतीची उंची काढायची. गवतातली पायवाट नव्या तोफेकडे जाते का ते पाहायचं. भरतीच्या वेगवेगळ्या वेळी घेतलेल्या फोटोंत पाण्याची कड कुठेकुठे होती ती आखायची. अशी प्रत्येक कड म्हणजे पुळणीवरची एक समोच्च रेषाच, सारख्या उंचीच्या जागा जोडणारी.

वरून घेतलेल्या फोटोत बंदराच्या भिंतीची दर्शनी बाजू दिसत नाही. त्यासाठी १९४२ मध्ये बीबीसीवरून लोकांना आवाहन झालं: युरोपच्या किनाऱ्यावरच्या सुट्टीतले फोटो, पोस्टकार्डं पाठवा. ती लाखोंनी आली. समुद्राच्या भिंतीला टेकून उभं असलेलं एखादं कुटुंब मोजपट्टीचं काम करतं. माणसाची उंची साधारण ठाऊक असते, तिच्यावरून भिंतीची निघते.

(रात्रीचं पाणी. मग हातात गिरमिट, ओली वाळू.)

फोटोवरून एक गोष्ट मात्र कळत नाही: वाळूखाली काय आहे? चिकणमाती किंवा कुजलेल्या वनस्पतींचा थर असेल, तर रणगाडा रुतणार. त्यासाठी स्कॉट-बाउडन आणि ऑग्डन-स्मिथ हे दोघे ब्रिटिश सैनिक १९४३ च्या शेवटच्या रात्री पोहत किनाऱ्याला लागले. गिरमिटाने वाळूत भोकं पाडायची, आतला नमुना नळीत भरायचा, जागा टिपायची आणि परत पाण्यात. जानेवारीत हेच दोघे एक्स-२० या छोट्या पाणबुडीतून आले आणि इथे, ओमाहावर, उतरले. गोल्ड आणि जूनोकडच्या मऊ पट्ट्यांसाठी पुढे रणगाड्याच्या तोंडाशी कापडाचं मोठं रीळ बसवलं गेलं. चिखलावर कापडाचा रस्ता अंथरत तो रणगाडा पुढे जाई.

(बिडस्टनचं यंत्र. कप्प्या फिरतात.)

आता समुद्र. जमिनीचा नकाशा एकदा काढला की वर्षानुवर्षं चालतो. पुळणीची कड मात्र दर दहा मिनिटांनी जागा बदलते. कोकणात वाढलेल्या कोणालाही हे समजावून सांगावं लागत नाही. उधाणाला पाणी कुठवर चढतं आणि भांगाला कुठे थांबतं, हे होडी ओढणारा माणूस तिथीवरून सांगतो. नॉर्मंडीत हाच हिशेब आकड्यांत हवा होता, आणि तोही मिनिटांच्या बारकाईने.

शेर्बूर आणि ल आव्हर या बंदरांची भरतीची माहिती हाताशी होती. पुळणी त्यांच्यामधे. उथळ पाण्यात भरतीची लाट वेडीवाकडी होते, त्यामुळे दोन बंदरांची सरासरी काढून चालत नाही. ऑक्टोबर १९४३ मध्ये ब्रिटिश नौदलाच्या जलालेखन खात्यातल्या विल्यम फार्कुहार्सननी इंग्लंडमधल्या बिडस्टनच्या वेधशाळेत भरतीचे तज्ज्ञ आर्थर डूडसन यांना आकड्यांचा एक संच पाठवला. जागेचं नाव कळवलं नाही. फक्त ‘पोझिशन झेड’.

यंत्र कसं चालतं ते पाहा. भरती ही अनेक लहानमोठ्या लाटांची बेरीज असते: काही चंद्राच्या, काही सूर्याच्या, काही त्या दोघांच्या अंतरातल्या बदलांच्या. प्रत्येक लाटेला एक कप्पी. लाट जितकी मोठी, तितका कप्पीचा दांडा लांब सरकवायचा. लाट कुठून सुरू होते, त्या कोनावर तिला लावायचं. सगळ्या कप्प्यांवरून एकच तार जाते. हँडल फिरवलं की प्रत्येक कप्पी आपल्या लयीत वरखाली होते आणि तारेच्या टोकाशी सगळ्यांची बेरीज पेनाने कागदावर उमटते. एक कोन चुकीचा लागला तर कागदावरची रेघ तितकीच सुंदर येते, पण चुकीची असते. लॉर्ड केल्विनच्या कल्पनेतून आलेल्या अशाच यंत्रावर एकोणिसाव्या शतकात मुंबईसकट हिंदुस्थानातल्या बंदरांची कोष्टकं काढली जात. बिडस्टनमध्ये अशी दोन यंत्रं होती. ती वेगवेगळ्या खोल्यांत ठेवली होती, एका बॉम्बने दोन्ही जाऊ नयेत म्हणून.

(कोष्टकावर बोट. मग ट्रेसिंग पेपर.)

या कोष्टकाने तारीख ठरवली. जर्मन सेनापती रोमेलची अपेक्षा होती की शत्रू भरतीला येईल, म्हणजे सैनिकांना उघडी वाळू कमी ओलांडावी लागेल. म्हणून त्याने भरतीच्या पाण्याखाली झाकले जातील असे अडथळे रोवले: लोखंडी चौकटी, लाकडी खांब, टोकाला सुरुंग. दोस्त राष्ट्रांनी उलट ठरवलं. ओहोटी संपून पाणी चढू लागलं की उतरायचं. अडथळे उघडे असताना सुरुंगवाल्यांनी वाट मोकळी करायची, आणि रिकाम्या होड्यांना चढतं पाणी उचलून परत नेईल. शिवाय पहाटेचा उजेड हवा, आणि आदल्या रात्री विमानदळासाठी चंद्र. हे सगळं जूनच्या ५, ६ आणि ७ तारखेलाच जमत होतं. भरती पश्चिमेकडून पूर्वेकडे सरकते, म्हणून ओमाहा आणि यूटावर वेळ साडेसहाची, गोल्ड आणि स्वोर्डवर ७:२५ ची. जूनोवर त्याहून थोडी उशिराची, कारण तिथे किनाऱ्यापुढचे खडक पाण्याखाली जाईपर्यंत थांबणं भाग होतं.

आता ट्रेसिंग पेपर पत्रकावर ठेवा, चार कोपऱ्यांना चिकटपट्टी लावा आणि साडेसहाची पाण्याची रेषा काढा. त्या सकाळी पाणी तासाला एक मीटरहून जास्त चढत होतं. उतार पन्नासाला एक धरला, तर एक मीटर चढलेलं पाणी पन्नास मीटर आत येतं. या पत्रकावर ते सहा मिलिमीटरच्या आसपास. एक सावधगिरी: ओहोटीच्या कडेला वाळू जवळजवळ सपाट आहे, चढ वर वाढतो. त्यामुळे सुरुवातीला पाणी आपल्या हिशेबापेक्षा झपाट्याने पुढे येतं. म्हणून पहिली रेषा जरा सैल काढा. साडेसातची आणि साडेआठची रेषा काढली की दिसतं, सुरुंगवाल्यांच्या हातात किती वेळ होता. त्यांना सोळा वाटा मोकळ्या करायच्या होत्या, प्रत्येकी पन्नास यार्ड रुंद. पाणी येईपर्यंत जेमतेम पाच-सहा झाल्या.

(रंगीत पेन्सिली. हिरवी, पांढरी, लाल.)

पुळणीचे भाग पाडले होते: डॉग ग्रीन, डॉग व्हाइट, डॉग रेड, मग ईझी, मग फॉक्स. रंग मनाला येईल तसे नाहीत. समुद्रातून किनाऱ्याकडे तोंड केलं की हिरवा उजवीकडे, लाल डावीकडे, जहाजाच्या दिव्यांसारखे. नकाशा उत्तर वर धरून वाचला की हे उलटं वाटतं. पत्रक फिरवून दक्षिण वर करा, मग होडीतल्या माणसाला दिसत होतं तसं दिसेल.

निळ्या पेन्सिलने एक बाण काढा: पश्चिमेकडून पूर्वेकडे, किनाऱ्याला समांतर. हा भरतीचा प्रवाह. धुरात किनाऱ्यावरच्या खुणा हरवल्या आणि बहुतेक होड्या या बाणाच्या दिशेने सरकल्या. डॉग रेडवर उतरायची तुकडी ईझीवर उतरली आणि पाठ केलेलं रेखाटन समोरच्या टेकाडाशी जुळेना. पश्चिमेला रेंजर सैनिक प्वांत द्यु ऑकचा कडा समजून आधी दुसऱ्याच भूशिराकडे निघाले. चूक उमगून वळेपर्यंत अर्ध्या तासाहून जास्त वेळ गेला.

(ड्रोन टेकाडावरून घळीत उतरतो.)

आता समोच्च रेषा. ओमाहामागे तीस ते पन्नास मीटर उंचीचं टेकाड आहे आणि गाडी वर जाऊ शकेल अशा फक्त पाच घळी. नकाशावर त्यांना नावं होती: डी-१ व्हिएरव्हीलकडे, डी-३ ले मूलँ, ई-१ सँ लोराँकडे, ई-३ कोलव्हीलकडे, आणि पूर्वेला अरुंद एफ-१. समोच्च रेषा जिथे आत वळून इंग्रजी व्हीसारखा आकार करतात, तिथे घळ. जर्मन मोर्चे नेमके त्यांच्या तोंडाशी.

पट्टी घ्या. व्हिएरव्हीलच्या तोफेपासून पूर्वेकडे रेघ ओढा आणि कोलव्हीलच्या तोफेपासून पश्चिमेकडे. दोन्ही रेघा पुळणीच्या लांबीत एकमेकींना भिडतात. या तोफांचं तोंड समुद्राकडे नव्हतंच. समुद्राच्या बाजूला जाड काँक्रीट, त्यामुळे जहाजावरून त्यांचा मारा दिसत नव्हता आणि जहाजाचे गोळे त्यांना सहज लागत नव्हते. त्या साडेतीन सेंटीमीटरचं कोडं या दोन रेघांनी सुटतं.

आणखी बारकाईने पाहा. ई-१ आणि ई-३ यांच्यामध्ये समोच्च रेषा किंचित आत वाकल्या आहेत. घळ म्हणण्याइतक्या नाहीत, गाडी तिथून चढणार नाही. पण दोन्ही मोर्च्यांपासून ती जागा लांब पडते आणि माणसाला दबून चढण्याइतका खोलगटपणा तिथे आहे. आराखडा घळींतून वर जाण्याचा होता. सैनिक अशा वाकांतून वर गेले आणि घळींवर मागून उतरले. दुपारपर्यंत ई-१ मोकळी झाली.

(दाट कुंपणाची गल्ली. मग पाणथळ कुरण.)

नकाशात आलंच नाही असंही बरंच होतं. शेतांची कुंपणं फोटोत बारीक काळ्या रेघा दिसत. प्रत्यक्षात ते माणसाच्या उंचीचे मातीचे बांध, वर दाट झाडी. मेर्देरे नदीकाठची कुरणं फोटोत कोरडी दिसली, कारण बुडालेल्या जमिनीतून गवत वर आलं होतं. रात्री छत्रीने उतरलेले कित्येक सैनिक त्या पाण्यात बुडाले. तोफा पत्रकावर होत्या. वसंतापासून इथे आलेली जर्मन ३५२ वी डिव्हिजन नव्हती.

(लष्करी कबरस्तान. निवेदन नाही, वाऱ्याचा आवाज. मग पुन्हा टेबल.)

एकट्या ओमाहावर त्या दिवशी दोन हजारांहून जास्त अमेरिकी सैनिक मेले, जखमी झाले किंवा हरवले.

ट्रेसिंग पेपरवर शेवटची रेघ संध्याकाळची काढा. ती पाण्यापासून जेमतेम दीड-दोन किलोमीटर आत जाते, ठरलेल्या रेषेच्या बरीच अलीकडे. मग कागद उचलून यूटाच्या पत्रकावर ठेवा. तिथे उतरण्याची जागा सुमारे दोन हजार यार्ड सरकली, आणि सरकून पोचली ती कमी बंदोबस्ताच्या भागात. पुळण तिथे पूर्वेकडे तोंड करून आहे, म्हणून निळा बाण आता दक्षिणेकडे काढायचा.