यंत्रराजाच्या शोधात यंत्रराज

मंडळी, आज ज्या जहाजाची गोष्ट सांगायची आहे, ते मुळात घोड्यांसाठी बांधलेलं होतं. 1811 साली दक्षिण फ्रान्समध्ये, तूलाँ बंदराच्या शेजारी, लष्कराची जनावरं वाहून न्यायला ते बांधलं. तळ सपाट, पोट ऐसपैस, लांबी जेमतेम 30 मीटर. रुबाब असा काहीच नाही. पण सपाट तळामुळे ते उथळ पाण्यात, खडकांच्या जवळ जाऊ शकायचं, आणि पोटात दोन-अडीच वर्षांचं सामान मावायचं. नकाशे करायला निघालेल्या माणसाला आणखी काय हवं? इंग्रजांच्या कॅप्टन कुकनंही कोळसा वाहणारं जहाज घेतलं होतं, ते याच हिशेबानं.

तेव्हा त्याचं नाव होतं 'कोकीय', म्हणजे शिंपला. 1822 मध्ये द्युपेरे या कप्तानाच्या हाताखाली ते पृथ्वीप्रदक्षिणेला निघालं आणि 1825 मध्ये एकही माणूस न गमावता परतलं. त्या काळात हे नवल होतं. सफरीतला दुय्यम अधिकारी होता द्युमाँ द्युर्विल. वनस्पतींचं वेड असलेला, हेकट माणूस. पुढच्या सफरीची कप्तानी त्याच्याकडे आली आणि जहाजाचं नाव बदलून 'आस्त्रोलाब' झालं. आस्त्रोलाब म्हणजे ताऱ्यांची उंची मोजायचं ते चकतीचं यंत्र. आपल्या जुन्या ज्योतिर्विदांनी त्याला 'यंत्रराज' म्हटलं.

हे नाव उसनं होतं. 1785 मध्ये लापेरूझ हा फ्रेंच दर्यावर्दी 'बुसोल' आणि 'आस्त्रोलाब' अशी दोन जहाजं घेऊन निघाला होता. मार्च 1788 मध्ये ती ऑस्ट्रेलियाचा किनारा सोडून गेली, ती गेलीच. चाळीस वर्षं त्यांचं काय झालं हे युरोपात कुणाला कळलं नाही. आता नवं आस्त्रोलाब एप्रिल 1826 मध्ये तूलाँहून निघालं. नकाशे तर करायचेच होते, पण जुन्याचा माग लागला तर तोही काढायचा होता.

माग मात्र भलत्यानेच काढला, आणि इथे माझं लक्ष फ्रेंच कप्तानापेक्षा एका हिंदुस्थानी खलाशाकडे जातं. पीटर डिलन हा आयरिश व्यापारी कप्तान मे 1826 मध्ये पॅसिफिकमधल्या तिकोपिया बेटावर थांबला. तिथे 1813 पासून एक जर्मन आणि एक हिंदुस्थानी खलाशी, म्हणजे इंग्रज ज्यांना 'लास्कर' म्हणत त्यातला, राहत होते. इतिहासात तो नुसता 'जो' आहे. त्या जोजवळ तलवारीच्या मुठीचा चांदीचा भाग निघाला. तो कुठून आला? शेजारच्या वानिकोरो बेटावरून. तिथे फार वर्षांपूर्वी दोन मोठी जहाजं फुटली होती. डिलन कलकत्त्याला आला, कंपनी सरकारकडून 'रिसर्च' नावाचं जहाज मिळवलं आणि 1827 मध्ये वानिकोरोहून तोफा, घंटा, भांडी घेऊन आला.

द्युर्विलला ही बातमी डिसेंबर 1827 मध्ये टास्मानियातल्या होबार्टला कळली. काय वाटलं असेल त्याला! तरी त्यानं शिडं वानिकोरोकडे फिरवली. बेटावरचे लोक जागा दाखवायला तयार होईनात. शेवटी तांबड्या कापडाचा तुकडा पुढे धरला, तेव्हा एक जण टुणकन होडीत येऊन बसला. प्रवाळाच्या भिंतीतल्या एका फटीत, तीन-चार वाव खोल स्वच्छ पाण्यात, नांगर, तोफा, गोळे दिसले. सगळ्यांवर प्रवाळाचं जाड कवच चढलेलं.

खलाशांनी किनाऱ्यावर प्रवाळाच्या दगडांचं स्मारक उभारलं, वर लाकडी शिखर. त्यात एकही खिळा वापरला नाही, कारण लोखंडाच्या आशेनं कुणीतरी ते उपटून नेईल. शिशाच्या पत्र्यावर लापेरूझ आणि त्याच्या सोबत्यांची आठवण, जहाजाचं नाव आणि 14 मार्च 1828 ही तारीख कोरली. पण तोवर जहाजावर तापानं थैमान मांडलं होतं. द्युर्विल स्वतः इतका आजारी होता की तोफांची सलामी त्यानं जहाजावरूनच पाहिली. धडधाकट माणसं संपण्याआधी तिथून कसंबसं निसटले. सापडलेल्या वस्तू पॅरिसमध्ये ओळखल्या लेसेप्स या म्हाताऱ्यानं. तो लापेरूझसोबत निघाला होता, पण कागदपत्रं घेऊन रशियातल्या कामचात्काला उतरला आणि जमिनीवरून फ्रान्सला गेला, म्हणून वाचला.

1837 मध्ये हेच जहाज 'झेले' या दुसऱ्या जहाजाला सोबत घेऊन दक्षिण ध्रुवाकडे निघालं. घोड्यांचं गलबत आणि बर्फ! पुढच्या वर्षी फेब्रुवारीत दोन्ही जहाजं बर्फात अडकली. खलाशांनी कुदळी चालवून, दोर ओढून त्यांना बाहेर काढलं. नंतर स्कर्व्ही या रोगानं माणसं गेली. तरी जानेवारी 1840 मध्ये पुन्हा तिकडेच जाऊन एका खडकाळ बेटावर झेंडा रोवला, बोर्दोची वाईन प्यायले, आणि त्या भूमीला द्युर्विलनं बायकोचं, आदेलचं, नाव दिलं. तिथल्या पेंग्विनांनाही तेच नाव आहे.

एवढे समुद्र पचवलेला हा माणूस 1842 मध्ये व्हर्सायहून पॅरिसला येताना रेल्वे अपघातात गेला. सोबत आदेल आणि मुलगाही. जहाज 1851 मध्ये मोडीत निघालं. आज आदेलच्या किनाऱ्यावरच्या फ्रेंच संशोधन तळाला द्युमाँ द्युर्विलचं नाव आहे. होबार्टहून तिथे दर उन्हाळ्यात रसद घेऊन जाणाऱ्या बर्फफोड्या जहाजाचं नाव आहे आस्त्रोलाब.