मयत घरात असताना

[दृश्य: पहाट. तापीकाठचं गाव. पत्र्याचं घर, ओट्यावर सुंभाची खाट.]

मे महिना. पहाटे चारच्या सुमारास म्हातारा गेला. घरात रडारड सुरू व्हायच्या आत शेजारच्या आजीनं तीन कामं उरकली. पापण्या मिटल्या. हनुवटीखालून धोतराची पट्टी घेऊन डोक्यावर गाठ मारली. पायांचे अंगठे दोऱ्यानं एकत्र बांधले. का, असं विचारलं तर ती म्हणेल, "तशीच रीत शे." रीत खरीच. पण ती घड्याळ ओळखून पडलेली आहे. तासा-दोन तासांत जबडा जसा असेल तसाच घट्ट होतो, मग उघडं राहिलेलं तोंड मिटता येत नाही.

स्नायू आवळायला ताकद लागते, हे आपल्याला कळतं. आवळलेला स्नायू सोडायलाही ती लागते, हे सहसा ध्यानात येत नाही. पेशीतल्या या इंधनाचं नाव एटीपी. श्वास थांबला की ते बनेनासं होतं, उरलंसुरलं संपतं आणि स्नायूतले बारीक धागे एकमेकांत अडकून बसतात. सुरुवात पापण्या-जबड्यापासून, मग मान, हात, शेवटी पाय. मयताला आंघोळ घालणारी जुनी माणसं म्हणूनच घाई करतात. उशीर झाला की सदऱ्याच्या बाहीत हात जात नाही. हा ताठरपणा कायमचा नसतो. पेशी स्वतःच विरघळू लागल्या की धागे सुटतात आणि अंग पुन्हा सैल पडतं. आपल्याकडच्या उन्हाळ्यात दीड दिवसाच्या आत.

[दृश्य: रिकामी खाट. सुंभाची वीण जवळून.]

म्हातारा रात्री उघड्या अंगानं या खाटेवर निजला होता. हृदय बंद पडलं की रक्त, पाणी उताराला लागावं तसं, शरीराच्या खालच्या बाजूला उतरतं. उताण्या माणसाची पाठ जांभळट होते. पण जिथं सुंभ रुतलेला असतो तिथं दाबामुळे रक्त शिरत नाही. अंग तसंच खाटेवर राहिलं, तर जांभळ्या पाठीवर पांढऱ्या रेघांत खाटेची सगळी वीण उमटते. सहा ते बारा तासांत हे डाग पक्के होतात. पाठीवर निजलेल्या मयताच्या पोटावर डाग दिसले, तर पोलिसांना विचारावंच लागतं की याला उलटा-सुलटा कुणी केला.

जाता जाता एक. मेल्यावर दाढी वाढते, नखं वाढतात, असं अनेकजण शपथेवर सांगतात. वाढत काही नाही. कातडी सुकून मागे सरते आणि आत दडलेले खुंट बाहेर दिसतात.

[दृश्य: दारात बसलेली माणसं. कुणीतरी फोनवर.]

"कथा लगून वना रे पोऱ्या?"

"नंदुरबार सुटनं."

पोरगा सुरतेला असतो. तो आल्याशिवाय तिरडी उचलायची नाही. बर्फाची लादी सांगून ठेवली आहे, अजून आलेली नाही. जाणती माणसं बोलत नाहीत, पण सारखी पत्र्याकडे बघतात.

पोरगा आलाच नसता तर? पोटाच्या उजव्या बाजूला खाली, अपेंडिक्स दुखतं तिथं, हिरवट डाग पडला असता. मोठ्या आतड्याची सुरुवातीची पिशवी तिथं पोटाच्या भिंतीला लागून असते. जन्मभर आपलं अन्न पचवू लागलेले जिवाणू आता आवर घालणारं कुणी नाही म्हणून घरधन्यालाच खायला घेतात. त्यांनी सोडलेला हायड्रोजन सल्फाइड रक्तातल्या हिमोग्लोबिनशी जुळला की हिरवा रंग येतो. उन्हाळ्यात बारा-अठरा तासांत, थंडीत एक-दोन दिवसांत. नंतर शिरा संगमरवरासारख्या उमटतात, पोट फुगतं. विहिरीत बुडालेलं मढं आपोआप वर येतं ते याच वायूनं.

माश्या मात्र इतका वेळ थांबत नाहीत. हिरव्या-निळ्या चकाकीच्या माश्या पहिल्या काही तासांतच डोळ्यांच्या कडा, नाकपुड्या, ओठांचे कोपरे गाठतात आणि तांदळाच्या कणीसारखी अंडी घालतात. म्हणून मयताजवळ कुणीतरी पदरानं वारा घालत बसतं. या माश्यांनी एक खूनही उघडा पाडला आहे. चीनमध्ये १२४७ साली लिहिलेल्या एका ग्रंथात तो आहे: गावातल्या सगळ्यांचे विळे जमिनीवर ठेवायला लावले, आणि धुऊन स्वच्छ केलेल्या एकाच विळ्यावर माश्या बसल्या.

उघड्यावर एका आठवड्यात शरीराचं जे होतं, त्याला पाण्यात दोन आणि जमिनीत आठ आठवडे लागतात, असा वैद्यकातला जुना ठोकताळा आहे. हाडांचं गणित वेगळं. कोकणातली आम्लधर्मी तांबडी माती ती विरघळवते. आपली चुनखडीची काळी माती सांभाळते. चाळीसगाव तालुक्यातल्या बहाळला १९५०च्या दशकात उत्खनन झालं, तेव्हा गिरणेपलीकडच्या टेकवाड्याला रांजणांत पुरलेली माणसं सापडली. तीनएक हजार वर्षांपूर्वीची.

[दृश्य: दुपारचे दोन. घराबाहेर रिक्षा थांबते.]

गरम आणि सैल असेल तर तीन तासांच्या आतलं, गरम आणि ताठ असेल तर तीन ते आठ, गार आणि ताठ असेल तर त्याहून जुनं, असा मयताची वेळ ठरवायचा सोपा आडाखा सांगतात. तो थंड मुलखातला. मयत गार पडतं ते भोवतालची हवा त्याच्यापेक्षा गार असते म्हणून. जिवंत शरीर ३७ अंशांचं. आणि मे महिन्यात जळगाव-भुसावळकडे पारा ४५च्या आसपास जातो. पहाटे थोडं निवलेलं अंग पत्र्याखाली दुपारी पुन्हा तापायला लागतं.

पोरगा चपला काढून आत येतो. बापाजवळ बसतो, त्याचा हात हातात घ्यायला जातो. कोपर वळत नाही, बोटं लाकडासारखी. पण तळवा तापलेला. तो दचकून आजीकडे बघतो.

"आजी, आंग तं अजून गरमच शे!"

आजी त्याच्या पाठीवर हात ठेवते आणि दारातल्या खांदेकऱ्यांना मानेनंच उठायला सांगते.